पाठीवरचे सहा हूक

त्या वर्षी आमच्या घरात आई आणि बाबा एकमेकांशी बोलत नव्हते. भांडण चालू होतं असंही म्हणता येणार नाही, कारण भांडायलाही बोलावं लागतं. दुबईत करामातल्या फ्लॅटमध्ये एक खोली आमची, दुसऱ्या खोलीत दुसरं कुटुंब, स्वयंपाकघर दोघांचं मिळून. त्या एका खोलीत तीन हातांवर बसलेल्या बाबांना आई माझ्यामार्फत निरोप द्यायची.

"तुझ्या बाबांना सांग, ताट वाढलंय."

"बाबा, ताट वाढलंय."

"तिला सांग, हात धुऊन येतो."

आईने ते ऐकलेलं असायचं. तरी मी सांगेपर्यंत ती भाताला हात लावायची नाही. सुरुवातीला मला हसू यायचं. नंतर दोघांचीही चीड यायला लागली, आणि चीड येते म्हणून स्वतःचीही.

कारण सांगते. बाबा मीना बाजारच्या मागच्या गल्लीत एका लेडीज टेलरकडे मास्टर आहेत. रमजान जवळ आला की तिथे ईदच्या जलाबियांचा ढीग पडतो. जलाबिया म्हणजे इकडच्या बायका सणाला घालतात तो पायघोळ, जरीकाम केलेला झगा. मशीनचं काम दुकानात होतं, पण खालची तुरपाई, हूक, बटणं हे हाताचं काम, आणि ते बारा वर्षं आई घरी बसून करते. आदल्या वर्षी ऐन गर्दीत गावाहून मामाचा फोन आला, आईची आई फार आजारी आहे, ताबडतोब ये. बाबा म्हणाले, "एवढी ईद होऊ दे. इन्शाल्ला, दुसऱ्याच दिवशी तुला विमानात बसवतो."

आजी ईदच्या चार दिवस आधी गेली. आईने हातातल्या जलाबियाची तुरपाई पूर्ण केली, दोरा दातांनी तोडला, सगळा गठ्ठा चादरीत बांधून दाराशी ठेवला. त्यानंतर ती बाबांशी बोलली नाही. मग हट्टाने बाबाही बोलेनासे झाले.

आता वर्षश्राद्ध आलं होतं. आमची तिथी चंद्रावर चालते आणि ईदही चंद्रावर, त्यामुळे वर्ष उलटलं तरी दोन्ही तशाच शेजारीशेजारी येऊन बसल्या. फाल्गुन वद्य एकादशी, पुन्हा ईदच्या तोंडावर. मामाने विमानाचं तिकीट पाठवलं. मी त्याची प्रिंट काढून फ्रिजवर चिकटवली. ते फक्त जायचं तिकीट होतं. बाबा फ्रिजसमोर बराच वेळ उभे राहिले.

"तिला विचार, परतीचं कुठाय?"

"त्यांना सांग, परतीचं नंतर बघू."

"मग तिला सांग, जायचंही नंतर बघू. ईद होऊ दे, इन्शाल्ला बघू."

"यांचं इन्शाल्ला म्हणजे नाही," आई मला म्हणाली. हा निरोप मी पोचवला नाही. गरजही नव्हती.

आमचे तिघांचे पासपोर्ट कपाटावरच्या काळ्या ब्रीफकेसमध्ये असायचे. ओळखीच्या बहुतेक घरांत हीच पद्धत, पासपोर्ट सांभाळायचे ते घरातल्या पुरुषाने. ब्रीफकेसला आकड्यांचं कुलूप होतं, पण आणली त्या दिवशी आकडे होते तेच राहिले होते. तीन शून्यं. आम्हा तिघांनाही ते ठाऊक होतं. तरी बाबांशिवाय त्या ब्रीफकेसला कोणी हात लावत नसे.

याच सुमारास कॉलेजात आम्हाला मूकपट करायला सांगितला. मी आमच्या दोन्हीकडच्या घराण्यांत कॉलेजात गेलेली पहिलीच. त्यामुळे वर्गात एखादा शब्द कळला नाही की मी मान हलवायचे आणि घरी येऊन शोधायचे. मॅडमनी देशांच्या चिठ्ठ्या काढायला लावल्या. जो देश येईल तिथली लोककथा, बारा मिनिटं, आवाज अजिबात नाही, अक्षरांच्या पाट्या जास्तीत जास्त पाच. आम्हाला कोरिया आलं. चौघांत मिळून कथा निवडली ती लाकूडतोड्याची आणि स्वर्गातल्या परीची.

आमच्या गटाची पुढारी मराठीच होती, पण तिच्या-माझ्या मराठीत फार अंतर. जन्म इथला, ऊद मेथाच्या महागड्या शाळेत शिकलेली, वडील कुठल्याशा मोठ्या कंपनीत. तिने कामं वाटली. परी ती स्वतः, लाकूडतोड्या एक उंच मल्याळी मुलगा, कॅमेरा एका सुदानी मुलीकडे. माझ्याकडे वळून ती म्हणाली, "तू कॉस्च्युम कर ना. युअर डॅड इज अ टेलर, राइट? परफेक्ट!"

मला पाट्या लिहायच्या होत्या. मी मान हलवली.

बाबांना मात्र आनंद झाला. त्यांना कॉलेजातलं काय कळतं, पण पंखांचा झगा शिवायचा म्हटल्यावर त्यांनी मापं विचारली, चित्र मागितलं, दुकानात उरलेलं ऑर्गंझाचं पांढरं तलम कापड आणलं. चित्रातल्या कोरियन झग्याला पुढे छातीवर बांधायची रिबीन होती. बाबांनी मान हलवली. "रिबीन सुटते. पोरगी नाचणार, उडणार. पाठीला हूक लावतो. हूक बसला की बसला, खलास." मी म्हटलं, बाबा, चित्रात पुढेच आहे. ते म्हणाले, "चित्र काढणाऱ्याने कधी झगा शिवलाय?"

दुपारी एक ते चार दुकान बंद असतं. त्या वेळेत बाबा घरी येऊन ते पंख कच्च्या टाक्यांनी जोडत बसायचे आणि पाठीचे हूक लावायला झगा आईच्या बाजूला सरकवायचे. निरोप न देता, नुसता सरकवायचे. आईने सहा हूक लावले. ती वाईट काम कधी करत नाही, राग कितीही असो.

"ही परी खाली येते कशाला?" बाबांनी एकदा विचारलं.

"आंघोळीला. डोंगरात तळं असतं."

"मग?"

"मग तिचं लाकूडतोड्याशी लग्न होतं."

"म्हणजे संसार झाला. चांगलं आहे." ते खूश झाले. मी अर्धीच गोष्ट सांगितली होती. उरलेली सांगायची मला भीती वाटली, असं आज म्हणते. तेव्हा मी स्वतःला सांगितलं की त्यांना कामाच्या वेळी कशाला त्रास.

उरलेली गोष्ट आमच्या पुढारीने सांगितली. ती झगा घालून बघायला आमच्या घरी आली. दारातच चपला किती आहेत ते तिने बघितलं. आईने सरबत दिलं. झगा अंगावर चढवून तिने हात मागे नेले, तिला वरचे हूक सापडेनात.

"अंकल, हे मागे का? मला एकटीला घालता नाही येणार."

"मदतीला कोण तरी असतंच की, बेटा," बाबा म्हणाले.

"बट इट्स नॉट अ वेडिंग गाऊन, अंकल! शी हॅज टु वेअर इट हरसेल्फ अँड रन."

"रन? कुठे रन?"

"तिला माहीत नाही स्टोरी?" ती माझ्याकडे बघून हसली. तिला 'यांना' म्हणायचं होतं बहुतेक. मग सरबताचा ग्लास हातात धरून तिने सगळं सांगितलं. लाकूडतोड्या एका हरणाला वाचवतो. हरीण त्याला सांगतं, परी आंघोळ करताना तिचा पंखांचा झगा लपव, मग ती उडू शकणार नाही, तुझी बायको होईल. पण मुलं पुरेशी होईपर्यंत झगा परत देऊ नकोस. "सो तो लपवतो. शी कान्ट गो होम. जसं इकडे पासपोर्ट ठेवून घेतात ना, टोटली तसं!"

बाबांच्या हातात टाचण्यांची डबी होती. ती त्यांनी बंद केली.

"मग एक दिवस त्याला दया येते, तो झगा देतो, अँड शी इज गॉन. मुलांना घेऊन. नंतर तोही वर जातो, पण तिथे त्याला मदरची आठवण येते. म्हणून घोड्यावर बसून खाली येतो, घोड्यावरून उतरायचं नसतं, पण त्याची मदर त्याला गरम पेज देते, ती घोड्यावर सांडते, हा पडतो. खलास. परत जाताच येत नाही. कोंबडा होऊन आकाशाकडे बघत ओरडत राहतो."

"आणि तिची आई?" आईने विचारलं.

"कोणाची, आंटी?"

"त्या परीची. तिला नव्हती का वर आई?"

"स्टोरीत नाहीये, आंटी."

"त्याला आठवली ती त्याची आई, ती आहे स्टोरीत?"

"हो, ती आहे."

आई ग्लास उचलून स्वयंपाकघरात गेली. आमची पुढारी झगा काढताना म्हणाली, पाठ फार बाजारू दिसतेय, पण इट्स ओके, कॅमेऱ्यात नाही दिसणार. ती गेल्यावर बाबांनी माझ्याकडे बघितलं. इतक्या तिरस्काराने त्यांनी माझ्याकडे त्याआधी कधी बघितलं नव्हतं.

"घरातलं कॉलेजात जाऊन सांगतेस?"

"मी काही सांगितलं नाही, बाबा. ती गोष्टच तशी आहे. कोरियाची."

"कोरियाची! माझ्याच हाताने शिवून घेतेस आणि माझंच नाटक करतेस?" बाबांचा आवाज चढला. शेजारच्या खोलीतला टीव्ही कोणीतरी हळू केला. "चोर आहे का मी? व्हिसा कोणाच्या नावावर आहे? सांभाळून ठेवतो, तर चोर?"

"सांग त्यांना," आई आतून म्हणाली, "चोर कोणी म्हटलेलं नाही."

मी ते सांगायला तोंड उघडलं, पण बाबा तोपर्यंत दुकानाकडे निघाले होते. चार वाजायला अजून तास होता.

मला वाटलं, हे माझ्यामुळे झालं, आता मीच निस्तरायला हवं. दुसऱ्या दिवशी बाबा घरी यायच्या आधी मी स्टुलावर चढले, ब्रीफकेस खाली घेतली, तीन शून्यांवरच असलेलं कुलूप दाबलं आणि आईचा पासपोर्ट तिच्या हातात नेऊन ठेवला. ती डाळ निवडत होती. तिला काही क्षण कळलंच नाही. मग तिने तो असा टाकला, जणू हात भाजला. तिच्या तोंडून एकदम गावची भाषा बाहेर आली.

"ठेव आधी थंय!"

"अगं, पण तुला जायचंय ना? पुढच्या महिन्यात तिकीट आहे."

"मला काय नंबर माहीत नाही? पहिल्या दिवसापासून माहीत आहे. मला हवाच असता तर मी गेल्या वर्षी नसता काढला? माका चोरून नको. त्यांनी द्यायला हवा. त्यांनी ठेवला, त्यांनी द्यायचा. त्यांच्या हाताने."

"आणि नाही दिला तर?"

"तर मी नाही जाणार. आणि ते त्यांना आयुष्यभर दिसत राहील. तू मध्ये पडू नकोस. निरोप सांगायचे तेवढे सांग."

मी पासपोर्ट परत ठेवला. इतकी मेहनत करून मी काहीतरी चांगलं केलं होतं आणि बदल्यात शिव्याच खाल्ल्या, असं मला वाटलं. आज ते लिहिताना लाज वाटते, पण वाटलं होतं खरं.

झगा बाबांनी पूर्ण केला. पुन्हा घालून बघायला कोणाला बोलावलं नाही. प्लास्टिकच्या पिशवीत घालून दाराच्या कडीला टांगला आणि मला सांगितलंही नाही.

तळ्याचं चित्रीकरण आमच्या पुढारीच्या बिल्डिंगमधल्या स्विमिंग पूलवर झालं, झाडांचं दुबईबाहेर हत्ताच्या डोंगराजवळ, आणि शेवटचं, झगा परत देण्याचं, कॉलेजच्या गच्चीवर पुठ्ठ्याच्या झोपडीत. ठरलं होतं असं: लाकूडतोड्या झगा पुढे करतो, परी तो घालते, मुलांना घेते, टाकीच्या जिन्याने वर पळते, खालून पंखा लावायचा. पण हूक मागे. आमच्या पुढारीने हात मागे नेला, एकही लागेना. ती चिडली. कॅमेरा चालूच होता. तिने माझ्याकडे बघून दात ओठ खाल्ले, आणि मग, आवाज थोडाच जाणार होता, मोठ्याने म्हणाली, "तुझ्या डॅडने सगळी वाट लावली! समबडी डू समथिंग!"

मल्याळी मुलगा साधा. त्याला वाटलं आपल्यालाच सांगितलं. त्याने तिला वळवलं, गुडघे थोडे वाकवले आणि एकेक हूक लावायला लागला. ज्या माणसाने झगा लपवला तोच आता तिच्या पाठीमागे उभा राहून, जीभ दातांत धरून, तिचे पंख बसवत होता. घाईघाईत नव्हे, नीट. ती पाठमोरी, त्यामुळे तिचा राग कॅमेऱ्यात आलाच नाही. शेवटचा हूक राहून गेला, ती धावत सुटली.

मॅडमनी तो तुकडा बघितला आणि म्हणाल्या, हे कापायचं नाही. पुढारी म्हणाली ती चूक आहे. मॅडम म्हणाल्या, असू दे. परत येताना लिफ्टमध्ये पुढारी माझ्याशी बोलली नाही. मला तशी सवय होती.

रमजानला थोडे दिवस उरले असताना एका शनिवारी दुपारी पालकांना चित्रपट दाखवायला बोलावलं. बाबा येतील असं वाटलं नव्हतं. ते आले, इस्त्रीच्या शर्टात. हॉलमध्ये आई एका खुर्चीवर बसली, मधली सोडून पलीकडच्या खुर्चीवर बाबा. मधली माझी. दिवे गेले. आमचा मूकपट लागला तेव्हा एसीच्या आवाजाशिवाय काही नव्हतं. चोरीचा प्रसंग आला. बाबा ताठ बसून होते. मागून कोणीतरी हसलं, परीच्या शेजारी पूलवरचा लाइफगार्डचा बोर्ड दिसत होता म्हणून.

शेवटचा प्रसंग आला. हूक लावणं पडद्यावर जवळजवळ एक मिनिट चालतं. मल्याळी मुलाचे मोठे हात, ऑर्गंझाची पाठ, बारीक हूक. आईने पदर तोंडाशी धरला होता. बाबा पुढे झुकले आणि त्यांचे ओठ हलायला लागले. मला आधी समजलं नाही. ते मोजत होते.

बाहेर बसस्टॉपवर आम्ही तिघं त्याच क्रमाने उभे होतो. बाबा मला म्हणाले, "सहा हूक होते. त्याने पाचच लावले."

मी काही म्हणायच्या आत आई माझ्यावरून पलीकडे बघत बोलली. सरळ त्यांच्याशी, अकरा महिन्यांनी.

"माझा पासपोर्ट द्या."

बाबा रस्त्याकडे बघत राहिले.

"तिकीट एकाच बाजूचं आहे," ते म्हणाले. मलाच उद्देशून, पण आवाज मोठा होता.

"हो, आहे. तुमच्या हाताने द्या आणि मग काय होतं ते बघा."

"यल्ला, चला, बस आली," बाबा म्हणाले आणि पुढच्या दाराने चढले. बसमध्ये बायकांच्या जागा पुढे असतात हे त्यांच्या लक्षातच राहिलं नाही. ड्रायव्हरने त्यांना हाताने मागे जायची खूण केली.

नंतरचे बारा दिवस काही झालं नाही. रमजान लागला, दुकानाची वेळ बदलली, घरात जलाबिया येऊन पडल्या. आई तुरपाई करत राहिली. तिकिटाच्या आदल्या दिवशी तिने बॅगही भरली नव्हती. मला तिचा इतका राग आला की मी तिच्याशीही बोलले नाही. बाबा दुपारी आले. खांद्यावर सहा जलाबिया, वर दुकानाचं प्लास्टिकचं कव्हर. त्यांनी ते आईसमोर चटईवर टाकले. मग स्टूल न घेता, टाचा उचलून ब्रीफकेस काढली, उघडली, आणि पासपोर्ट जलाबियांच्या ढिगावर ठेवला.

आईने त्याला हात लावला नाही. ती त्यांच्याकडे बघत राहिली.

बाबांना कळलं. त्यांनी तो पुन्हा उचलला आणि तिच्या पुढे धरला.

"घे," ते म्हणाले. "आणि या सहांची तुरपाई करून जा. ईद माझ्यासाठी थांबणार नाही."

आईने तो घेतला, कमरेला खोचला आणि सुई उचलली. संध्याकाळपर्यंत तिने चार जलाबिया पूर्ण केल्या. उरलेल्या दोन घडी करून, त्यावर दोऱ्याचं रीळ ठेवून, सकाळी ती विमानतळावर गेली. पोचवायला मी गेले. बाबांना दुकानात काम होतं.

त्या दोन जलाबिया मी करायला घेतल्या. बाबा दुपारी येऊन शिवण उजेडात धरून बघायचे. "टाका मोठा पडतोय." एवढंच. माझ्या मूकपटाला किती गुण मिळाले हे त्यांनी विचारलं नाही आणि मी सांगितलं नाही. घरात आता दोनच माणसं होती आणि निरोप द्यायला तिसरं नव्हतं, म्हणून आम्ही बोलणंच कमी केलं.

एकादशीच्या दुपारी आईचा फोन आला. मागे माणसांचा, भांड्यांचा आवाज.

"तुझ्या बाबांना सांग, कार्य नीट झालं."

"बाबा, कार्य नीट झालं."

बाबा माझी तुरपाई तपासत होते. त्यांनी मान वर केली नाही. "तिला विचार, परतीचं तिकीट काढलंय का?"

मी विचारलं. आईने मागच्या कोणाला तरी भांडी हळू ठेवायला सांगितलं. मग म्हणाली, "त्यांना म्हणावं, मला विचारा."

मी फोन त्यांच्यापुढे धरला. त्यांनी तो लगेच घेतला नाही. जलाबिया मांडीवर सारखी केली, चष्मा वर सरकवला, फोन कानाला लावला आणि आधी घसा साफ केला.

"दोन जलाबिया तशाच ठेवून गेलीस," ते म्हणाले.

आईचा आवाज मला लांबूनही ऐकू आला. "हो. ठेवल्या."

मी दुसरी जलाबिया मांडीवर ओढली आणि मोठे पडलेले टाके उसवायला बसले.